सावित्री : तोच प्रसंग दोनदा

सोलापूरच्या पूर्व भागात आमचे घर होते. तिथे पहाटे जाग येई ती यंत्रमागांच्या खटखटीने, आणि गल्लीत दिवसभर कानावर पडणारी भाषा निम्मी मराठी आणि निम्मी तेलुगू असे. पिढ्यांपूर्वी तेलंगणातून विणकामासाठी आलेली पद्मशाली कुटुंबे आमच्या चारी बाजूंना राहत होती. शेजारच्या अक्का ओट्यावर बसून, मांडीवरच्या सुपात तंबाखू आणि कापलेली पाने घेऊन, संध्याकाळपर्यंत विड्या वळत असत. त्यांच्या घरी एकदा लग्नानंतरच्या रात्री व्हीसीआर भाड्याने आणला गेला आणि गल्लीतली सगळी मुले चटईवर दाटीवाटीने बसली. मी तेव्हा दहा वर्षांची होते. 'या' आणि 'बस' यांपलीकडे मला तेलुगू येत नव्हते.

पहिला चित्रपट 'मायाबजार' होता. पडद्यावरची नाजूक राजकन्या अचानक पुरुषासारखी ढांगा टाकत चालू लागली, भुवया उडवू लागली, छाती काढून उभी राहिली आणि आम्ही मुले हसून लोळलो. तिच्या रूपात घटोत्कच शिरला आहे, हे मला कोणी सांगितले नव्हते. ते मला तिच्या खांद्यांवरून कळले. "सावित्री आहे ती," अक्का म्हणाल्या, तेलुगू-तमिळ चित्रपटांच्या त्या नायिकेची घरातल्या माणसासारखी ओळख करून द्यावी तशा स्वरात. दुसरा चित्रपट 'रक्तसंबंधम' होता. तो संपेपर्यंत बहुतेक मुले झोपली होती, अक्कांनी पदर डोळ्यांना लावला होता, आणि मीही रडत होते. कशासाठी रडत होते ते मला सांगता आले नसते, कारण एकही वाक्य मला समजले नव्हते.

पुष्कळ वर्षे मी या अनुभवाचे श्रेय तिच्या चेहऱ्याला देत आले. चेहऱ्याला भाषा नसते, असे काहीतरी सोपे उत्तर मी मनाशी धरले होते. पुढे तिचे चित्रपट तेलुगूत आणि तमिळमध्ये असे जोडीने पाहू लागले, तेव्हा ते उत्तर अपुरे वाटू लागले. सावित्रीने आपल्या उमेदीच्या वर्षांत कितीतरी प्रसंग दोनदा केले आहेत. तोच सेट, तोच प्रकाश, तेच दुःख, पण ओठांवरची भाषा वेगळी आणि पुष्कळदा समोरचा नटही वेगळा. दोन भाषांतले तिचे तारापद या दुबार कामातून घडले, असे मला आता वाटते.

हे कसे शक्य झाले, ते समजण्यासाठी त्या काळचे मद्रास डोळ्यांसमोर आणावे लागते. १ ऑक्टोबर १९५३ रोजी आंध्र राज्य वेगळे होईपर्यंत तेलुगू भाषकांचा मोठा प्रदेश मद्रास राज्यातच होता, आणि राज्य वेगळे झाल्यावरही तेलुगू चित्रपटसृष्टी कित्येक वर्षे कोडंबाक्कम आणि वडपळनीच्या स्टुडिओंतच नांदत राहिली. एकदा सेट उभारला, दिवे लावले, कॅमेरा मांडला की एकाच खर्चात दोन चित्रपट काढणे निर्मात्याला परवडे. त्यामुळे एक दृश्य तेलुगूत चित्रित होई आणि लगेच तमिळमध्ये. अशा द्विभाषी चित्रपटांत वाहिनी स्टुडिओ आणि विजया प्रॉडक्शन्स यांचे नाव मोठे होते. विजयाचे बी. नागी रेड्डी आणि चक्रपाणि यांना मराठी वाचक नकळत ओळखतो, कारण ज्या 'चंदामामा' मासिकाची मराठी आवृत्ती 'चांदोबा' म्हणून आपल्या घरी येत असे, ते याच दोघांनी १९४७ मध्ये सुरू केले होते. विक्रम-वेताळाच्या गोष्टी मी ज्यांच्यामुळे वाचल्या, त्यांनीच सावित्रीला नायिका केले, हे मला फार उशिरा कळले आणि कळल्यावर विलक्षण आनंद झाला.

सावित्री गुंटूर भागातल्या चिर्रावूर गावची. वडील ती काही महिन्यांची असतानाच गेले आणि आई तिला घेऊन मावशीच्या आधाराला आली. मावशीचे यजमान कोम्मारेड्डी वेंकटरामय्या यांनी तिच्यातला नाच ओळखला, तिला शिकवणी लावली आणि विजयवाड्यात ती लहान वयातच नाटकांतून दिसू लागली. काकिनाड्याच्या एका स्पर्धेत पृथ्वीराज कपूर यांच्या हस्ते तिला बक्षीस मिळाले. त्यानंतर काका तिला मद्रासला घेऊन गेले. वडिलांविना वाढणारी मुलगी, तिच्या गुणावर घराची आशा ठेवणारा वडीलधारा माणूस आणि परक्या शहरातले स्टुडिओंचे उंबरठे, हा प्रवास आपल्याकडच्या नाटक मंडळ्यांतल्या आणि संगीत बाऱ्यांतल्या कितीतरी मुलींच्या चरित्रांत आपण वाचलेला आहे.

सुरुवात अपमानाने झाली. १९५० च्या 'संसारम'मध्ये तिला चांगली भूमिका मिळाली होती, पण आवडता नट अक्किनेनि नागेश्वरराव समोर उभा पाहून तिच्या तोंडून शब्द नीट येईनात, टेकमागून टेक वाया गेले आणि ती भूमिका काढून घेण्यात आली. 'पाताळ भैरवी'मध्ये एका गाण्यापुरता नाच तिच्या वाट्याला आला. 'संसारम'चे दिग्दर्शक एल. व्ही. प्रसाद होते. हा मनुष्य १९३० च्या सुमाराला घर सोडून मुंबईत आला होता, मूकपटांच्या कंपनीत पडेल ते काम करत होता आणि 'आलम आरा', 'कालिदास' व 'भक्त प्रल्हाद' या हिंदी, तमिळ आणि तेलुगूतल्या पहिल्या तिन्ही बोलपटांत छोट्या भूमिका करून गेला होता. धडपडणाऱ्या माणसाला दुसरी संधी द्यावी, हे ज्याला स्वतःच्या अनुभवावरून ठाऊक असेल, असा तो माणूस होता. त्यांनीच १९५२ मध्ये 'पेळ्ळि चेसि चूडु' या चित्रपटात आणि त्याच्या तमिळ आवृत्तीत तिला दुसऱ्या नायिकेचे काम दिले. दोन भाषांतले तिचे काम तिथून मार्गी लागले.

१९५३ चा 'देवदासु' आला आणि तिला कोणी नवखी म्हणेनासे झाले. वेदांतम राघवय्या दिग्दर्शक होते, तेलुगू आणि तमिळ दोन्हींत नागेश्वरराव देवदास आणि सावित्री पार्वती. ज्याच्यासमोर तीन वर्षांपूर्वी बोबडी वळली होती, त्याच्याच समोर आता ती अशी उभी राहते की त्याची नजर खाली जाते. मला या चित्रपटातली बालपणीची सखी फारशी भावत नाही. मोठ्या वयाच्या जमीनदाराच्या घरात सावत्र मुलांची आई होऊन गेलेली पार्वती भावते. त्या बाईचे वय वाढलेले नाही, पण पाऊल टाकण्याची रीत बदलली आहे. ही समज त्या वयाच्या मुलीत कुठून आली असेल, याचे उत्तर मला मिळालेले नाही.

तरी खऱ्या अर्थाने तिला सिंहासनावर बसवले ते 'मिस्सम्मा'ने, आणि ते सिंहासन दुसरीसाठी मांडलेले होते. १९५४ मध्ये चित्रीकरण सुरू झाले तेव्हा नायिका भानुमती होत्या. गाणाऱ्या, लिहिणाऱ्या, स्वतःचा स्टुडिओ असलेल्या, कोणापुढे न झुकणाऱ्या भानुमती. वरलक्ष्मी व्रताच्या पूजेमुळे एके दिवशी त्यांना सेटवर यायला उशीर झाला, चक्रपाणि यांनी माफीचे पत्र मागितले, भानुमतींनी ते दिले नाही, आणि चक्रपाणि यांनी तोवर झालेली चार रिळे जाळून टाकली. सावित्री याच चित्रपटात दुसऱ्या नायिकेची भूमिका करणार होती. ती भूमिका जमुना या अभिनेत्रीकडे गेली आणि नायिकेची, मेरीची, भूमिका सावित्रीला मिळाली. नशीब उघडले, असे आपण म्हणतो. पण या प्रसंगात मला नशिबापेक्षा त्या मुलीचे ओझे अधिक जाणवते. भानुमतीच्या स्वभावाला बेतून लिहिलेली, तोंडाळ, स्वाभिमानी, चिडखोर ख्रिस्ती शिक्षिका आता तिला करायची होती, दोन भाषांत करायची होती, आणि जळालेल्या रिळांचा खर्च भरून निघेल अशी करायची होती.

गोष्ट अशी आहे की एका जमीनदाराच्या शाळेला शिकलेले नवरा-बायको शिक्षक म्हणून हवे असतात, आणि दोन गरजू, अनोळखी, वेगवेगळ्या धर्मांची माणसे नवरा-बायको असल्याचे सोंग घेऊन तिथे राहायला येतात. मेरीला हे सोंग पदोपदी टोचते. तेलुगूत तिच्यासमोर एन. टी. रामाराव आहेत आणि तमिळ 'मिस्सियम्मा'त जेमिनी गणेशन. दोन्ही चित्रपट मी एका आठवड्यात लागोपाठ पाहिले. रामाराव यांचा खट्याळपणा उघडा आहे, म्हणून त्यांच्यासमोरची मेरी उघड फणकारते, पदर आवरून ताडकन उठते. जेमिनी गणेशन मऊ बोलतात, आणि त्यांच्यासमोर तीच मेरी रागावण्याआधी क्षणभर थबकते. संवादाचा अर्थ तोच आहे, सेटवरची खुर्चीही तीच असावी, पण त्या थबकण्यामुळे बाई वेगळी झाली आहे. पाठ केलेला अभिनय दुसऱ्या भाषेत पुन्हा ओतला असता तर हा फरक पडला नसता. तिने दुसऱ्या वेळी समोरच्या माणसाकडे नव्याने पाहिले होते.

इथे आणखी एक गोष्ट मनाला हुरहूर लावते. सावित्री आणि आधीच विवाहित असलेले जेमिनी गणेशन यांचे लग्न त्यापूर्वीच झाले होते, पण ते जगापुढे आलेले नव्हते. पडद्यावर ती दोघे नवरा-बायको असल्याचे सोंग करणारी अनोळखी माणसे आहेत, आणि पडद्याबाहेर अनोळखी असल्याचे सोंग करणारी नवरा-बायको. हे ठाऊक झाल्यावर 'मिस्सियम्मा'तले चंद्राला उद्देशून म्हटलेले गाणे पूर्वीसारखे ऐकता येत नाही. तेलुगूत ते 'रावोयि चंदमामा' आहे, तमिळमध्ये 'वारायो वेण्णिलावे', आणि दोन्हींत चंद्राला आपली विचित्र कहाणी ऐकायला बोलावले आहे. १९५७ मध्ये एल. व्ही. प्रसाद यांनीच ही गोष्ट 'मिस मेरी' म्हणून हिंदीत केली, मीनाकुमारीला घेऊन. आपल्याकडे रेडिओवर कायम लागणाऱ्या 'वृंदावन का कृष्ण कन्हैया'ची चाल मुळात 'मिस्सम्मा'ची आहे. मेरी अशी आपल्याही घरी येऊन गेलेली आहे, फक्त आपण तिच्या पहिल्या रूपाची चौकशी केली नाही.

'मिस्सम्मा'च्याच वर्षी, १९५५ मध्ये, तिने 'कन्याशुल्कम'मध्ये मधुरवाणी ही गणिका केली. गुरजाड अप्पाराव यांच्या ज्या नाटकावर तो चित्रपट आधारलेला आहे, ते पैसे घेऊन मुली म्हाताऱ्यांना देण्याच्या रूढीवरचे आहे. आपल्या देवलांच्या 'शारदे'ची ही तेलुगू थोरली बहीण म्हणता येईल. एका वर्षात फटकळ शिक्षिका आणि चतुर, सहृदय गणिका! नायिकेची प्रतिमा जपण्याची काळजी तिला तेव्हा शिवलेली दिसत नाही.

मग 'मायाबजार'. २७ मार्च १९५७ रोजी तेलुगू आणि दोन आठवड्यांनी तमिळ. दिग्दर्शक के. व्ही. रेड्डी, छायाचित्रण मार्कस बार्टली यांचे, ज्यांनी स्टुडिओच्या चार भिंतींत चांदणे पाडले. बलरामाच्या मुलीची ही कथा आपल्याला परकी नाही. तिकडची शशिरेखा म्हणजे आपली सुरेखा किंवा वत्सला, आणि बाबुराव पेंटर यांनी कोल्हापुरात १९२१ मध्येच 'सुरेखाहरण' हा मूकपट काढला होता, ज्यात तरुण शांताराम वणकुद्रे कृष्ण झाले होते. आंध्रात ही कथा रंगभूमीवर गाजवली ती सुरभि नाटक मंडळींनी, आणि सुरभिची कुटुंबे मुळात मराठी भाषक, महाराष्ट्रातून तिकडे गेलेली. सोलापुरात विणकर आले, कडप्याकडे नाटकवाले गेले, आणि मध्ये कुठेतरी ही गोष्ट दोन्हीकडे राहिली.

चित्रपटात घटोत्कच शशिरेखेला पळवतो आणि तिचे रूप घेऊन कौरवांच्या घरच्या लग्नाला उभा राहतो. म्हणजे सावित्रीला आधी शशिरेखा करायची आहे आणि नंतर शशिरेखेच्या कातडीतला घटोत्कच. घटोत्कचाच्या भूमिकेत एस. व्ही. रंगाराव आहेत, ज्यांची चाल, हसू आणि मान फिरवण्याची ढब प्रेक्षकाने नुकतीच पाहिलेली आहे. तिने रंगारावांची नक्कल केली असती तरी टाळ्या मिळाल्या असत्या. तिने केले ते अवघड आहे: नववधूचे लाजणे ती अचूक करते, पण ते लाजणे एका राक्षसाने शिकून घेतले आहे असे दिसते. डोळे खाली जातात ते जरा उशिरा, मान वळते ती जरा जोरात. 'आहा ना पेळ्ळंट' या गाण्यात एका क्षणी ती मुलगी असते आणि पुढच्याच क्षणी मुलगी राहत नाही. तमिळ आवृत्तीत रामाराव आणि रंगाराव तेच राहिले, पण अभिमन्यू नागेश्वरराव यांच्याऐवजी जेमिनी गणेशन झाले आणि शकुनी नंबियार. सावित्रीने हे सगळे, रूपात रूप, पुन्हा केले. चटईवर हसून लोळणाऱ्या मला हा हिशेब कळण्याचे कारण नव्हते.

यानंतर द्विभाषी चित्रपटांची जागा पुनर्निर्मितीने घेतली, पण तिचे दुबार काम सुटले नाही. १९६१ मध्ये भीमसिंग यांच्या 'पाशमलर'मध्ये ती शिवाजी गणेशन यांची बहीण झाली. छत्रपती शिवाजी महाराजांची भूमिका नाटकात केल्यामुळे ज्यांना 'शिवाजी' हे नाव कायमचे चिकटले, ते हे नट. त्यांचा अभिनय भरतीच्या लाटेसारखा अंगावर येतो, आणि त्यांच्यासमोर अनेक चांगले नट वाहून गेलेले दिसतात. सावित्री वाहून जात नाही, कारण ती आवाजाशी आवाज भिडवत नाही. तो बोलत असताना ती ऐकते, आणि आपण तिचे ऐकणे पाहत राहतो. पुढच्याच वर्षी 'रक्तसंबंधम'मध्ये तीच बहीण तिने तेलुगूत केली आणि भाऊ झाले रामाराव. त्याच १९६२ मध्ये 'गुंडम्म कथा'त रामाराव आणि ती जोडपे होती. वर्षानुवर्षे ज्यांना नायक-नायिका म्हणून पाहिले त्यांना प्रेक्षकांनी भाऊ-बहीण म्हणून कसे स्वीकारले असेल, हा प्रश्न मी अक्कांना विचारला होता. त्या म्हणाल्या, "ती 'अण्णा' म्हणाली की अण्णाच वाटतो गं."

१९६४ चा 'नवरात्री' शिवाजी गणेशन यांचा शंभरावा चित्रपट म्हणून आणि त्यांच्या नऊ भूमिकांसाठी ओळखला जातो. घर सोडून निघालेल्या एका मुलीला नऊ रात्रींत नऊ पुरुष भेटतात. आपल्याकडे 'नया दिन नई रात'मध्ये संजीवकुमार यांनी ते नऊ पुरुष केले आणि तिथेही चर्चा नऊंचीच झाली. मला मात्र दहावी भूमिका सर्वांत अवघड वाटते. नऊ जणांना प्रत्येकी एक भाव आहे, वेगळा वेष आहे, वेगळी रंगभूषा आहे. त्या मुलीला एकाच साडीतल्या भेदरलेल्या जिवातून नऊ रसांना उत्तर द्यायचे आहे आणि शेवटपर्यंत तीच मुलगी राहायचे आहे. दोन वर्षांनी तेलुगूत नागेश्वरराव यांनी नऊ भूमिका केल्या, तेव्हाही ती मुलगी सावित्रीच होती. दोन भाषांतले दोन थोर नट, एकूण अठरा पुरुष, आणि समोर एकटी ती. तेलुगू लोकांनी तिला 'महानटी' म्हटले आणि तमिळ लोकांनी 'नडिगैयर तिलगम', म्हणजे अभिनेत्रींमधला तिलक. २०१८ मध्ये तिच्या आयुष्यावर चित्रपट निघाला तेव्हा त्यालाही दोन भाषांत ही दोन नावे द्यावी लागली, आणि ती भूमिका करणाऱ्या कीर्ती सुरेशला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

तिच्या उतरत्या काळाबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे. संसार मोडला, पैसा गेला, मद्य आले, १९८० मध्ये ती बेशुद्धावस्थेत गेली आणि सुमारे एकोणीस महिन्यांनी, २६ डिसेंबर १९८१ रोजी, मद्रासमध्ये वारली. सावित्रीचे नाव निघाले की लोक आधी या टोकाकडून सुरुवात करतात, आणि मला त्याचा मनापासून राग येतो. तिच्या पडण्याची गोष्ट सगळ्यांना पाठ आहे आणि तिच्या कामाची फार थोड्यांना. १९६८ मध्ये तिने 'चिन्नारि पापलु' हा चित्रपट दिग्दर्शित केला, तेव्हा दिग्दर्शनाबरोबर निर्मितीच्या इतर प्रमुख बाजूही तिने स्त्रियांच्याच हाती दिल्या होत्या, हे तिच्या शोकांतिकेइतक्याच वेळा सांगितले जायला हवे.

त्या दिग्दर्शनातलाच एक चित्रपट मला पुन्हा मूळ गोष्टीकडे आणतो. १९६४ च्या 'मूग मनसुलु'मध्ये तिने गोदावरीकाठची राधा केली होती, नावाड्यावर न बोलता जीव लावणारी. आपण ही राधा 'मिलन'मध्ये आपल्या नूतनच्या रूपात पाहिली आहे आणि 'सावन का महीना' आजही गुणगुणतो. सावित्रीने १९७१ मध्ये तीच कथा 'प्राप्तम' या नावाने तमिळमध्ये आणली, शिवाजी गणेशन यांना नावाडी केले, राधा पुन्हा स्वतः झाली आणि निर्मिती व दिग्दर्शनही स्वतःकडे घेतले. या वेळी दुसऱ्यांदा तोच प्रसंग करताना 'कट' म्हणणारे कोणी वेगळे नव्हते. चित्रपट चालला नाही आणि तिचे मोठे नुकसान झाले. शहाण्या माणसाने तो काढला नसता, असे म्हणतात. पण जिने उभ्या कारकिर्दीत प्रत्येक सुखदुःख एका भाषेत करून थांबणे कधी मानलेच नाही, तिला राधा केवळ तेलुगूत ठेवणे अपुरे वाटले असेल, हे मी समजू शकते.

गेल्या दिवाळीत सोलापूरला गेले, तेव्हा अक्का भेटल्या. विड्या वळणे कधीच थांबले आहे, डोळ्यांना कमी दिसते, फोन अगदी जवळ धरावा लागतो. मी त्यांना 'पाशमलर'चा शेवट लावून दिला. लहानपणीचे बडबडगीत म्हणत भाऊ बहिणीचा हात धरतो तो प्रसंग. "हे तर तमिळ," त्या म्हणाल्या, "मला कुठे कळतंय." मी फोन काढून घेऊ लागले, तर त्यांनी माझे मनगट धरून ठेवले. रामाराव यांच्या जागी दुसराच नट होता, शब्द परके होते, बहीण तीच होती. मी पडद्याकडे न पाहता अक्कांकडे पाहत होते. त्यांचे ओठ हलत होते. सावित्री तमिळमध्ये बोलत होती आणि अक्का तिच्या बरोबरीने, आवाज न करता, ती वाक्ये तेलुगूत म्हणत होत्या.